ती म्हातारी नव्हे, गिओर्गी मिल्यार

संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवार पुरवणीत सोव्हिएत बालपुस्तकांच्या आणि परीकथापटांच्या आठवणींवर लेख आला. लेख आपुलकीने लिहिलेला आहे आणि असे लेख अधूनमधून यायला हवेत. मात्र त्यासोबतच्या दोन छायाचित्रांखालच्या ओळी दुरुस्त करणे आवश्यक आहे. 'मोरोझ्को' या परीकथापटातील बाबा यागा या चेटकिणीच्या चित्राखाली 'एक वृद्ध रशियन अभिनेत्री' असे छापले आहे आणि कश्चेय या हाडकुळ्या अमर राक्षसाच्या चित्राखाली 'अज्ञात नट'. हे दोन्ही चेहरे एकाच माणसाचे आहेत आणि तो माणूस अज्ञात नाही. त्यांचे नाव गिओर्गी फ्रांत्सेविच मिल्यार. रशियन परीकथापटांत चेटकीण, अमर राक्षस, सैतान, पाणराजाचा बेडूकमुखी कारभारी अशी जी जी कुरूप पात्रे मुलांना आठवतात, त्यांतली निम्म्याहून अधिक या एका चरित्रनटाने उभी केली.

चूक नुसत्या नावाची असती तर दोन ओळींत काम भागले असते. पण ती बाई नसून पुरुष आहे, हे कळल्यावर तोच चित्रपट पुन्हा पाहिला तर त्यातली कारागिरी दिसू लागते, म्हणून थोडे विस्ताराने लिहीत आहोत.

मिल्यार यांचा जन्म मॉस्कोत 7 नोव्हेंबर 1903 रोजी झाला. वडील फ्रेंच, मार्सेयहून कामासाठी रशियात आलेले अभियंते; घराण्याचे मूळ नाव द मिल्यो. मुलगा तीन वर्षांचा असतानाच ते वारले. आई इर्कूत्स्कच्या सोन्याच्या खाणमालकाची मुलगी. घरी दाई, भाषांचे शिक्षण, सगळे खानदानी. 1914 मध्ये मायलेक काळ्या समुद्राकाठच्या गेलेंजिक गावी राहायला गेले आणि पुढे क्रांतीत घर, बंगला, पैसा सगळे गेले. 'द मिल्यो'चे 'मिल्यार' झाले ते याच काळात. फ्रेंच आणि जर्मन येत असूनही सरकारी अर्जांत त्यांनी ते कधी लिहिले नाही, कारण खाणमालकाचा नातू ही ओळख तेव्हा धोक्याची होती. पुढे आयुष्यभर ज्याने स्वतःचा चेहरा झाकून पोट भरले, त्याला नावही झाकावे लागले होते.

गेलेंजिकच्या नाट्यगृहात ते आधी नट म्हणून नव्हे, तर प्रॉपर्टी सांभाळणारा पोऱ्या म्हणून लागले. तलवारी, ताटे, मेणबत्त्या, खोटी फळे यांची देखभाल त्यांच्याकडे. एका प्रयोगाला सिंड्रेलाचे काम करणारी नटी आजारी पडली आणि तिच्या जागी या मुलाला उभे केले, असे सांगतात. म्हणजे रंगमंचावरची पहिली भूमिकाच स्त्रीची. 1924 मध्ये ते मॉस्कोला आले, 'क्रांती रंगभूमी'च्या नाट्यशाळेत शिकले आणि 1927 पासून त्याच नाटक मंडळीत 1938 पर्यंत राहिले. तिथे नायकाची कामे मिळाली नाहीत. बारीक अंगकाठी, लांब नाक, मोठे डोळे, खाली निमुळता होत गेलेला चेहरा. त्या काळच्या सोव्हिएत नायकाला रुंद खांदे आणि मोकळा, उजळ चेहरा लागे. मिल्यार यांच्या वाट्याला म्हातारे, कारकून, विक्षिप्त शेजारी आले.

दिशा बदलली ती अलेक्सांद्र रोऊ या दिग्दर्शकामुळे. रोऊ यांचे वडील आयरिश अभियंते, आई ग्रीक. अर्धा फ्रेंच नट आणि आयरिश-ग्रीक दिग्दर्शक यांनी मिळून रशियन लोककथांना पडद्यावर रूप दिले, ही गोष्ट रशियातही फार कमी लोकांच्या लक्षात असते. स्टुडिओचे नाव सोयूझदेतफिल्म, खास मुलांच्या चित्रपटांसाठी 1936 मध्ये उभा राहिलेला. 1948 पासून तो गोर्की स्टुडिओ म्हणून ओळखला जातो. रोऊंचा पहिला परीकथापट 1938 चा, बोलणाऱ्या मासळीच्या वराने आळशी येमेल्याचे नशीब उघडते त्या गोष्टीवरचा. त्यात मिल्यार यांनी गोरोख, म्हणजे वाटाणा नावाचा राजा केला. नंतर 1973 मध्ये रोऊ वारले तोपर्यंत त्यांच्या जवळपास प्रत्येक चित्रपटात मिल्यार आहेत, आणि बरेचदा एकाहून अधिक भूमिकांत.

आता बाबा यागाकडे येऊ. 1939 मध्ये 'सुंदरी वासिलिसा'ची तयारी सुरू झाली तेव्हा यागासाठी अनेक अभिनेत्री पाहून झाल्या, पण कुणी पसंत पडेना. मिल्यार यांनी स्वतः होऊन ही भूमिका मागितली. त्यामागचे त्यांचे म्हणणे साधे होते: इतके विद्रूप दिसायला कोणतीही अभिनेत्री मनापासून तयार होणार नाही, कुठेतरी ती स्वतःला राखून ठेवील. त्या वेळी त्यांचे वय पस्तिशीचे होते. नमुना कुठून घेतला हेही त्यांनी सांगून ठेवले आहे. एक, त्यांच्या सामायिक घरातली खवट शेजारीण, आणि दुसरी, क्राइमियात शेळ्या राखताना पाहिलेली ग्रीक म्हातारी. पहिलीकडून बोलण्याची धार घेतली, दुसरीकडून कंबरेत वाकलेली चाल. सामायिक घर म्हणजे आपल्या चाळीसारखे, फक्त स्वयंपाकघरही एकच. मिल्यार आयुष्याचा मोठा काळ अशाच घरात आईसोबत राहिले, त्यामुळे निरीक्षणाला शेजारणींचा तुटवडा नव्हता.

पुरुषाने स्त्री भूमिका करणे मराठी माणसाला नवे नाही. पण बालगंधर्वांची परंपरा सौंदर्याची. प्रेक्षक बायकांनी शालू कसा नेसावा ते त्यांच्याकडे पाहून शिकावे, इतकी. मिल्यार यांचे काम त्याच्या उलट टोकाचे. त्याला जवळचे आपल्याकडे काही असेल तर ते दशावतार. ठाण्यात आणि नवी मुंबईत हिवाळ्यात भरणाऱ्या मालवणी जत्रांत दशावताराचे खेळ होतात, ते ज्यांनी रंगपटात डोकावून पाहिले असतील त्यांना ठाऊक असेल की तिथे नट स्वतःचा चेहरा स्वतः रंगवतो. आरसा, रंग, पाणी आणि त्याचा स्वतःचा हात. राक्षसाची भुवई किती चढवायची हे तोच ठरवतो, कारण ती भुवई पुढे त्यालाच हलवायची असते. मिल्यार यांचीही रीत हीच होती. आपल्या पात्राचा चेहरा कसा असावा हे ते स्वतः सुचवत आणि रंगभूषाकारासोबत तासन्‌तास खुर्चीत बसून तो घडवून घेत.

इथे तंत्राविषयी थोडे, कारण 'मेकअपची कमाल' एवढे म्हणून हा विषय संपत नाही. त्या काळात फोम लॅटेक्सची मऊ त्वचा सोव्हिएत स्टुडिओंत नव्हती. नाक, हनुवटी, चामखीळ वाढवायला बोटांनी मळून मऊ करायचा मेणासारखा लगदा वापरत. तो त्वचेवर चिकटवायचा, कडा बोटाने पातळ ओढून त्वचेत मिळवायच्या, वरून रंग द्यायचा. केस आणि भुवया क्रेपच्या, म्हणजे नकली केसांच्या, डिंकासारख्या वार्निशाने लावलेल्या. यात दोन अडचणी होत्या. तेव्हाची फिल्म आजच्या मानाने मंद, त्यामुळे दिवे प्रखर आणि तापलेले. उष्णतेने लगदा सैल पडतो, घामाने कडा सुटतात आणि कॅमेऱ्यात नाकाच्या बाजूला भेग दिसते. दुसरी अडचण मोठी: लगद्याखाली चेहरा हलत नाही. चिकटवलेले नाक सुरकुतत नाही, जाड झालेली हनुवटी थरथरत नाही. नवखा नट अशा वेळी हातवारे वाढवतो आणि पात्राचे सोंग होते.

मिल्यार यांनी काय केले ते नीट पाहण्यासारखे आहे. चेहऱ्याचे जे भाग झाकलेले, ते त्यांनी स्थिर सोडले आणि सगळे काम उघड्या भागांवर टाकले: डोळे, खालचा ओठ, जबडा आणि मान. यागा बोलण्याआधी जबडा आडवा फिरवते, जणू काही चघळते आहे. डोळे आधी वळतात, मान नंतर. बोलताना आवाज नाकातून सुरू होतो आणि वाक्याच्या शेवटी घशात जाऊन करकरतो, बिजागऱ्याला तेल नसलेल्या दारासारखा. बोटे नेहमी कशाला तरी चाचपडत असतात. 'सुंदरी वासिलिसा'त याच नटाने नायकाचा म्हातारा बाप आणि गुसली हे तंतुवाद्य वाजवून गोष्ट सांगणारा गायकही केला आहे. तिन्ही माणसे वेगळी वाटतात ती दाढ्यांमुळे कमी आणि मानेमुळे जास्त. बापाची मान खांद्यांत बुडालेली, गायकाची ताठ, यागाची पुढे काढलेली, कासवासारखी.

कश्चेयची गोष्ट वेगळी आहे. युद्ध सुरू झाल्यावर स्टुडिओ मध्य आशियात स्तालिनाबादला, म्हणजे आजच्या दुशान्बेला हलवला गेला. 'अमर कश्चेय'चे काम तिथे चालले. तिथे मिल्यार यांना हिवताप झाला आणि आधीच बारीक असलेला माणूस अक्षरशः हाडांवर आला. त्यांनी तेच शरीर भूमिकेला दिले. डोके भादरले, भुवया काढल्या. भुवया नसलेल्या चेहऱ्यावर भाव वाचता येत नाही. समोरच्याला तो रागावला आहे की नाही हेच कळत नाही आणि भीती तिथूनच येते. रंगरंगोटीतल्या त्या सांगाड्याला पाहून घोडादेखील बुजत असे, असे सांगतात. चित्रपट 1945 च्या मे महिन्यात, युद्ध संपता संपता लोकांपुढे आला. गावे जाळणारा, मरण नसलेला आक्रमक म्हणजे कोण, हे तेव्हाच्या प्रेक्षकाला समजावून सांगावे लागले नाही. मूळ लोककथेत कश्चेयचे मरण सुईच्या टोकात, सुई अंड्यात, अंडे बदकात, बदक सशात, ससा पेटीत आणि पेटी बेटावरच्या ओक वृक्षाखाली. आपल्याकडे राक्षसाचा जीव पोपटात असतो, त्याचाच हा बर्फाळ देशातला चुलतभाऊ. मुलांना तो क्षणात कळतो.

नंतरच्या भूमिकांपैकी दोन सांगायलाच हव्यात. 1959 च्या 'कुशल मार्या'मधला पाणराजाचा कारभारी क्वाक: पायांत पोहण्याचे रबरी पंजे, डोळे बाहेर आलेले, आणि चालताना प्रत्येक पाऊल गुडघ्यापासून उचलून टाकलेले. असे पंजे घालून साधे चालायला गेले तर माणूस तोंडावर पडतो, कारण पुढचा भाग जमिनीला अडकतो. म्हणून गुडघा वर घ्यावाच लागतो. मिल्यार यांनी ही गरजच त्या पात्राची चाल करून टाकली. दुसरी, 1961 मध्ये गोगोलच्या नाताळरात्रीच्या गोष्टीतला सैतान: अंगभर केसाळ घट्ट पोशाख, डुकराचे नाक, शेपूट. कथा युक्रेनची, पण बर्फासाठी बाहेरचे चित्रण उत्तर ध्रुववृत्तापलीकडे कोला द्वीपकल्पात केले. सत्तावन्न वर्षांचा माणूस त्या थंडीत बर्फात उड्या मारतो आहे, कुडकुडतो आहे, हातांवर फुंकर घालतो आहे. त्यातले कुडकुडणे खोटे असण्याचे कारण नाही.

आणि मग 1964 चा 'मोरोझ्को', ज्याला पुढच्याच वर्षी व्हेनिसच्या बालचित्रपट महोत्सवात पारितोषिक मिळाले आणि जो चेक लोकांच्या घरी आजही नाताळ-नववर्षाच्या दिवसांत टीव्हीवर ठरलेला असतो. तोपर्यंत मिल्यार साठी ओलांडून गेले होते आणि पंचवीस वर्षांपूर्वीची घाबरवणारी यागा त्यांनी मोडून टाकली. ही यागा चिडकी, कुरकुरी, कंबरदुखीने वैतागलेली म्हातारी आहे. यागाची कोंबडीच्या पायांवरची झोपडी नायक इवान आपल्याकडे वळवतो, यागा ती पुन्हा रानाकडे वळवते, इवान पुन्हा वळवतो, तो प्रसंग पाहा. तिथे मिल्यार यांचे लक्ष इवानवर नाही, झोपडीवर आहे. घरच आपले ऐकेनासे झाले याचा अपमान त्यांच्या डोळ्यांत आहे. पुढे 1968 आणि 1972 च्या चित्रपटांतही त्यांनी यागा केली. चारही वेळा वेगळी. पहिली रानातली शक्ती आहे, शेवटची जवळजवळ शेजारची आजी. एकाच भूमिकेला एका नटाने तेहतीस वर्षांत असे वयाबरोबर वाढू दिल्याचे दुसरे उदाहरण आम्हाला चटकन आठवत नाही.

इतके करून मान किती मिळाला? मुले यागाला ओळखत, मिल्यार यांना नाही. सीझर, व्हॉल्तेर, सेनापती सुवोरोव या भूमिका कराव्यात अशी त्यांची इच्छा होती. त्यांतली एकही पदरी पडली नाही. आपल्याकडे निळू फुले यांना पडद्यावरच्या खलत्वाचा त्रास प्रत्यक्षात झाला, पण निदान लोक त्यांना नावाने ओळखत तरी होते. रोऊ गेल्यावर मिल्यार यांच्याकडे मोठी भूमिका घेऊन कुणी आले नाही. एक-दोन मिनिटांची कामे ते करत राहिले. रशियन प्रजासत्ताकाचा 'लोककलावंत' हा किताब मिळाला 1988 मध्ये, वयाच्या पंच्याऐंशीच्या उंबरठ्यावर. 4 जून 1993 रोजी मॉस्कोत त्यांचे निधन झाले.

आता मे महिना जवळ आला आहे. घोडबंदर रस्त्यापासून खारघरपर्यंत संकुलांच्या गच्च्यांवर आणि बालनाट्य शिबिरांत मुलांना चित्रपट दाखवले जातात. आपल्या लेखानेही 'मोरोझ्को' मुलांना दाखवा असे सुचवले आहे. सूचना उत्तम, पण ती अमलात आणताना जिथे घोटाळे होतात, त्या जागा सांगून ठेवतो.

पहिला प्रश्न परवानगीचा. चित्रपट इंटरनेटवर फुकट दिसतो म्हणून तो जाहीरपणे दाखवायला मोकळा आहे असे होत नाही. भारतीय स्वामित्व हक्क कायद्यात शाळा-महाविद्यालयांना सूट आहे, पण प्रेक्षक म्हणजे तिथले विद्यार्थी, शिक्षक, पालक आणि संस्थेशी निगडित माणसे एवढेच असतील तर. गृहसंकुलाच्या मैदानातला खुला खेळ त्यात बसत नाही; त्यासाठी हक्कधारकाची लेखी परवानगी घ्यावी. पेडर रोडवरच्या रशियन सांस्कृतिक केंद्रात आधी विचारणा केली तर कुणाला लिहायचे हे शोधणे सोपे जाते. हे काम दीड-दोन महिने आधी सुरू करावे.

दुसरे, कोणती प्रत निवडायची. अमेरिकेत दाखवलेली इंग्रजी डब केलेली प्रत घेऊ नये. त्यात यागाचे नाव बदलून 'कुबडी परी' केले आहे आणि मिल्यार यांचा आवाजच काढून टाकला आहे, म्हणजे अर्धा अभिनय गेला. मूळ रशियन आवाजाची प्रत घ्यावी. तीही तपासून घ्यावी: चित्रपट सेकंदाला 24 चौकटींचा (फ्रेमचा) असतो, पण युरोपीय दूरचित्रवाणीसाठी केलेल्या प्रती 25 च्या वेगाने धावतात. दोन परिणाम होतात. सगळ्यांचे आवाज थोडे चढतात आणि यागाची करकर किरकिर होते. शिवाय एका वेगासाठी बनवलेली उपशीर्षके दुसऱ्या वेगाच्या प्रतीला लावली तर तासाभरात जवळपास अडीच मिनिटांचा फरक पडतो. सुरुवातीला पाच मिनिटे सगळे जुळलेले दिसते, म्हणून कुणी पुढे तपासत नाही. मध्यावर इवान बोलतो आणि खाली नायिका नास्तेन्काचे वाक्य येते. प्रत तपासताना सुरुवात, मध्य आणि शेवट अशा तीन जागा पाहाव्यात.

तिसरे, चौकट. हे चित्रपट जवळजवळ चौकोनी चौकटीचे आहेत. आजचा प्रोजेक्टर रुंद चित्राचा, त्यामुळे 'पडदा भरून' दिसावे म्हणून कुणीतरी चित्र ताणतो. मग निमुळत्या चेहऱ्याचा कश्चेय गुबगुबीत दिसू लागतो आणि हिवतापाने दिलेले सगळे वाया जाते. पडद्याच्या पाऊण रुंदीत चित्र राहील आणि दोन्ही बाजूंना काळे पट्टे दिसतील, हेच बरोबर आहे. आठ फूट रुंद पडदा असेल तर चित्र सहा फुटांचे धरून मुले बसवावीत. शेवटची ओळ पंचवीस फुटांपलीकडे नको, नाहीतर डोळ्यांतला अभिनय पोचत नाही.

उघड्यावर दाखवायचे असेल तर मेच्या मध्यावर ठाण्यात सूर्य सात वाजून गेल्यावर मावळतो आणि पुरता काळोख व्हायला आणखी अर्धा तास जातो. पावणेआठला सुरू केले तर 'मोरोझ्को' सव्वानऊच्या आसपास संपतो; रात्री दहानंतर ध्वनिवर्धकाला बंदी असते, तिच्या आत. गच्चीवर वारा असतो, म्हणून पडदा फक्त वरून टांगू नये. खालच्या काठाला नळी किंवा बांबू घालून दोन्ही कोपरे बांधावेत. 'सुंदरी वासिलिसा' आणि 'अमर कश्चेय' हे कृष्णधवल आहेत आणि त्यांची बरीच दृश्ये अंधारी आहेत. रस्त्यावरच्या दिव्यांच्या उजेडात त्यांतले काळे सगळे राखाडी होते. ते बंद सभागृहातच दाखवावेत.

चौथी गोष्ट भाषा. नऊ-दहा वर्षांखालच्या मुलांना इंग्रजी उपशीर्षके वाचता वाचता चित्र पाहता येत नाही. त्यापेक्षा एका माणसाने माइकवर मराठी वाक्ये वाचावीत. संहिता आधी लिहून काढावी आणि मराठी वाक्य मूळ वाक्यापेक्षा तिसऱ्या हिश्श्याने आखूड ठेवावे, कारण वाचणारा नेहमी अर्धा सेकंद मागून सुरू करतो आणि मुलांना हसायलाही वेळ लागतो. मूळ आवाज बंद करू नये. मराठीखाली तो स्पष्ट ऐकू येत राहील इतका ठेवावा. आणि वाचणाऱ्याने नाटकी आवाज काढू नयेत. त्याने यागाचा आवाज काढला की मिल्यार यांचा ऐकू येत नाही. सपाट, प्रेमळ, गोष्ट सांगितल्यासारखे वाचावे. झोपडीचा मंत्र मात्र मुलांकडून आधी म्हणवून घ्यावा, म्हणजे त्या प्रसंगी सगळी एकदम ओरडतात: 'झोपडी गं झोपडी, रानाकडे पाठ कर, माझ्याकडे तोंड कर!'

एक घोटाळा शब्दाचाही आहे. रशियनमध्ये 'बाबा' म्हणजे बाई, म्हातारी. मराठी मूल 'बाबा यागा' ऐकले की पुरुष समजते आणि मग 'ती' आली की गोंधळते. वाचनात 'यागाआजी' किंवा 'यागा म्हातारी' म्हणावे. खेळ संपल्यावर मात्र मुलांना सांगावे की तो खरोखरच एक बाबा होता. मग पुन्हा पाच मिनिटे झोपडीचा प्रसंग दाखवावा. दुसऱ्या वेळी मुले वेगळे पाहतात.

शिबिरात यागाचे नाक करायचे असेल तर लहान मुलांच्या चेहऱ्याला स्पिरिट गम हा रंगभूषेचा डिंक लावू नये; त्वचा लाल होते आणि काढताना ओढली जाते. आमच्या हवेत मैदा-व्हॅसलीनचे नाकही टिकत नाही, घामाने दहा मिनिटांत घसरते. कागदाच्या लगद्याचे नाक करावे. एक वाटी मैदा आधी एक वाटी गार पाण्यात कालवून घ्यावा, मग त्यात तीन वाट्या उकळते पाणी ओतत खळ शिजवावी. उलट केले तर गुठळ्या होतात. बुरशी येऊ नये म्हणून पुस्तके बांधणारे खळीत मोरचूद घालतात, तो विषारी आहे, चेहऱ्यावरच्या वस्तूला अजिबात नको. एक चमचा मीठ पुरते. शाडूच्या मातीचे आकडेबाज नाक घडवून त्यावर पातळ प्लास्टिक ओढावे आणि बोटभर रुंदीच्या वर्तमानपत्राच्या पट्ट्यांचे चार थर द्यावेत. पुरवणीचा गुळगुळीत कागद खळ शोषत नाही, साधा आतला कागद घ्यावा. पट्ट्या कापून नव्हे, फाडून घ्याव्यात. फाटलेली कड थरात मिसळते, कापलेली उठून दिसते. पंख्याखाली पूर्ण दीड दिवस सुकू द्यावे. ओले असताना साच्यावरून काढले तर टोक खाली मान घालते. नाकपुड्यांना करंगळीएवढी भोके, आतल्या कडेला गॉजची पट्टी आणि बाजूंना कापडाचा तुकडा चिकटवून मगच इलॅस्टिक ओवावे, नुसत्या कागदातून ते फाडून निघते. वरचा ओठ आणि तोंड मोकळे राहील एवढेच नाक लांब करावे. जबडा मोकळा नसेल तर मुलाला यागा करता येणार नाही, फक्त मुखवटा घालता येईल.

आपण दुरुस्ती छापणार असाल तर ओळी अशा असाव्यात, ही विनंती. पहिल्या चित्राखाली: 'मोरोझ्को (1964) : बाबा यागाच्या भूमिकेत गिओर्गी मिल्यार. दिग्दर्शक अलेक्सांद्र रोऊ.' दुसऱ्याखाली: 'अमर कश्चेय (1945 मध्ये प्रदर्शित) : कश्चेयच्या भूमिकेत गिओर्गी मिल्यार.' आणि जागा असेल तर सोबत त्यांचे रंग न लावलेल्या चेहऱ्याचे एक छायाचित्र द्यावे.

आपले,
ठाणे आणि नेरूळ येथील काही वाचक